तारखेवर अडलेली पेन्शन

साठ-सत्तर वर्षांपूर्वी खेड्यात जन्मलेल्या मुलाची जन्मतारीख दवाखान्यात नव्हे, शाळेत ठरत असे. डोक्यावरून नेलेला उजवा हात डाव्या कानाला टेकला की मूल सहा वर्षांचे झाले असे धरायचे. मग गुरुजी दाखलखारीज रजिस्टरात नाव घालीत आणि जन्माच्या रकान्यात बहुधा १ जून किंवा १ जुलै लिहीत. आईला विचारले तर ती सांगे, पोळ्याच्या पुढच्या आठवड्यात झाला. पण रजिस्टराला तारीख हवी असे, आणि शाळा तर जूनमध्ये उघडत. बुलढाणा जिल्ह्यातल्या चिखली, मेहकर, देऊळगाव राजा या पट्ट्यातल्या निवृत्त शिक्षकांची कागदपत्रे पाहिली, तर या दोन तारखा पुन्हा पुन्हा भेटतात.

गुरुजींनी त्या दिवशी जून लिहिले की जुलै, यावर साठ वर्षांनंतरची पेन्शन ठरू शकते. समजा, चिखलीतल्या एका अनुदानित महाविद्यालयात दोन प्राध्यापक एकाच वर्षी लागले. एकाची नोंदीतली जन्मतारीख १ जून १९५८, दुसऱ्याची १ जुलै १९५८. महाविद्यालयीन शिक्षकाचे निवृत्तीचे वय साठ. नियम असा की ज्या महिन्यात वय पूर्ण होते त्या महिन्याच्या अखेरच्या दिवशी निवृत्ती; मात्र जन्म महिन्याच्या एक तारखेचा असेल तर आदल्या महिन्याच्या अखेरीला. म्हणून पहिले सर ३१ मे २०१८ रोजी निवृत्त झाले, दुसरे ३० जूनला. सहाव्या वेतन आयोगाने सगळ्यांची वार्षिक वेतनवाढ १ जुलैला आणून ठेवली होती. पहिल्या सरांनी शेवटच्या वेतनवाढीनंतर अकरा महिने काम केले. दुसऱ्या सरांनी १ जुलै २०१७ ते ३० जून २०१८ असे पुरते बारा महिने काम केले. वेतनवाढ दुसऱ्या दिवशी मिळायची, पण त्या दिवशी ते नोकरीत नव्हते. मग बारा महिन्यांच्या कामाची ती वाढ गेली कुठे?

सोयीसाठी मूळ वेतन १,५०,००० रुपये धरू. तीन टक्के वेतनवाढ म्हणजे ४,५०० रुपये. पेन्शन मूळ वेतनाच्या निम्मी, म्हणून फरक २,२५० रुपये महिना, वर्षाला २७,०००, आणि त्यावर महागाई वाढ वेगळी. माणूस निवृत्तीनंतर वीस वर्षे जगला, तर एका दिवसाच्या फरकाची ही रक्कम काही लाखांत जाते. शिवाय पुढचा वेतन आयोग आला की जुन्या पेन्शनला ठरावीक पटीने गुणतात, तेव्हा ही कमतरताही त्याच पटीने वाढते. सातव्या आयोगात ती पट २.५७ होती.

महाविद्यालयीन शिक्षकाच्या पेन्शनवरचे बहुतेक दावे असे एखाद्या तारखेपाशी अडलेले असतात. अमुक दिवशी किंवा त्यानंतर निवृत्त झालात तर लाभ, आदल्या दिवशी झालात तर नाही. कधी रेषा निवृत्तीच्या तारखेवर असते, कधी नेमणुकीच्या, कधी पर्याय भरून देण्याच्या, आणि कधी याचिका दाखल केल्याच्या तारखेवर. ही रेषा ओढण्याचा अधिकार सरकारला आहे, पण तिला कारण हवे. ते कारण पुरेसे आहे की नाही, एवढाच प्रश्न न्यायालयापुढे पुन्हा पुन्हा येत राहिला आहे.

खाजगी संस्थेच्या अनुदानित महाविद्यालयातल्या शिक्षकाला पेन्शन मिळते, हेच मुळात फार जुने नाही. त्याआधी त्याच्यासाठी अंशदायी भविष्यनिर्वाह निधी असे. निवृत्त होताना एक रक्कम हातात येई आणि हिशेब तिथे संपे. महाराष्ट्र शासनाने २१ जुलै १९८३ च्या शासन निर्णयाने अकृषी विद्यापीठे आणि त्यांना संलग्न अनुदानित महाविद्यालयांतल्या अध्यापकांना निवृत्तिवेतन लागू केले, आणि तेही १ ऑक्टोबर १९८२ पासून. आधीपासून नोकरीत असलेल्यांनी पर्याय द्यायचा होता: जुना निधी ठेवायचा की पेन्शन घ्यायची. १९८३ मध्येच १ मे रोजी अमरावती विद्यापीठ सुरू झाले आणि बुलढाणा जिल्ह्यातली महाविद्यालये नागपूर विद्यापीठातून तिकडे आली. वऱ्हाडातल्या प्राध्यापकांची संघटना मात्र ‘नुटा’ या नावानेच, म्हणजे नागपूर विद्यापीठाच्या नावानेच, पुढेही ओळखली गेली. तिचे नेते प्रा. बी. टी. देशमुख अमरावती पदवीधर मतदारसंघातून सलग तीस वर्षे विधान परिषदेत होते. शासन निर्णयाचा क्रमांक, दिनांक आणि परिच्छेद तोंडपाठ असणारी प्राध्यापकांची एक पिढी विदर्भात तयार झाली, तिच्यामागे या संघटनेची आणि तिच्या बुलेटिनची शिस्त होती. आजही चिखलीत किंवा खामगावात एखाद्या निवृत्त सरांकडे जुन्या निर्णयांची तारखेवार लावलेली फाइल निघते. वकिलाला पहिली मदत बहुधा तिचीच होते.

पेन्शनचा तो शासन निर्णय निघण्याच्या सात महिने आधी, १७ डिसेंबर १९८२ रोजी, सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने डी. एस. नाकरा विरुद्ध भारत सरकार हा निकाल दिला होता. केंद्र सरकारने २५ मे १९७९ च्या आदेशाने पेन्शन मोजण्याची पद्धत उदार केली होती. पण हा लाभ ३१ मार्च १९७९ रोजी सेवेत असलेल्या आणि त्यानंतर निवृत्त झालेल्यांनाच होता. नाकरा संरक्षण मंत्रालयात वित्तीय सल्लागार होते आणि १९७२ मध्ये निवृत्त झाले होते. एच. डी. शौरी यांची ‘कॉमन कॉज’ ही संस्थाही त्यांच्यासोबत याचिकाकर्ती होती. पीठाचे प्रमुख पुण्याचे यशवंत विष्णू चंद्रचूड, सोबत व्ही. डी. तुळजापूरकर, ओ. चिन्नप्पा रेड्डी आणि बहारुल इस्लाम. निकाल लिहिला डी. ए. देसाई यांनी.

नाकरा निकालाचा युक्तिवाद समजायला सोपा आहे. पेन्शनधारक हा एक वर्ग. नव्या सूत्राचा हेतू महागाईत म्हाताऱ्या माणसाला नीट जगता यावे हा. मग त्या वर्गाचे ३१ मार्चच्या अलीकडचे आणि पलीकडचे असे दोन तुकडे केल्याने हा हेतू कसा साधतो? उलट जो आधी निवृत्त झाला तो जास्त म्हातारा, त्याची गरज जास्त. तारखेला हेतूशी नाते नाही, म्हणून ती घटनेच्या १४ व्या अनुच्छेदाला, म्हणजे समानतेला, छेद देते. न्यायालयाने आदेशातले तारखेचे शब्द तेवढे काढून टाकले आणि सुधारित पेन्शन सगळ्यांना पुढच्या काळासाठी लागू केली. मागची थकबाकी दिली नाही. पेन्शन ही कृपा किंवा देणगी नाही, ती केलेल्या सेवेचा मोबदला आहे, ही भूमिका १९७१ च्या देवकीनंदन प्रसाद निकालात आली होतीच. नाकरा निकालाने ती घरोघरी नेली. १७ डिसेंबर हा दिवस पेन्शनर दिन म्हणून पाळतात तो यामुळे.

पण नाकरा निकाल हाती धरून गेलेला प्रत्येक जण जिंकत नाही, आणि हे आधीच कळलेले बरे. ग्रॅच्युइटी घ्या. राज्याने सहाव्या आयोगानंतर ग्रॅच्युइटीची कमाल मर्यादा पाच लाखांवरून सात लाख केली, पण १ सप्टेंबर २००९ पासून. सुधारित वेतन मात्र १ जानेवारी २००६ पासून. मधल्या जवळजवळ पावणेचार वर्षांत निवृत्त झालेल्यांना हे डाचणे स्वाभाविक होते. तरीही पेन्शन दरमहा चालू राहते आणि ग्रॅच्युइटी निवृत्तीच्या दिवशी एकदाच ठरते, म्हणून तिची वाढ मागच्यांना द्यायलाच हवी असे नाही, ही सर्वोच्च न्यायालयाची भूमिका १९८६ च्या आंध्र प्रदेशातल्या पेन्शनर संघटनेच्या खटल्यापासून आहे. भविष्यनिर्वाह निधीचा पर्याय घेतलेले आणि पेन्शन घेतलेले हे एक वर्ग नव्हेत, असे १९९० मध्ये कृष्ण कुमार खटल्यात घटनापीठानेच सांगितले. १९८३ साली ज्या प्राध्यापकाने रोख रक्कम बरी म्हणून जुना निधी ठेवला, त्याला नंतर नाकरा निकालाचा आधार मिळाला नाही तो यामुळे. त्या वेळी कुणालाच पुढचे वेतन आयोग दिसत नव्हते. एका फॉर्मवरच्या एका खुणेने माणसाचे अख्खे म्हातारपण बांधले जावे हे मला कठोर वाटते, पण कायदा आज असा आहे.

महाविद्यालयीन शिक्षकांचा सगळ्यात थेट विजय राजस्थानातून आला. पाचव्या आयोगात निवड श्रेणीतल्या अधिव्याख्यात्याचे वेतन १२,००० ते १८,३०० रुपये होते. सहाव्या आयोगात त्या श्रेणीत तीन वर्षे काढलेल्यांना ३७,४०० ते ६७,००० ही वरची पट्टी आणि ९,००० चे शैक्षणिक ग्रेड पे मिळाले. सेवेतल्यांना ती पट्टी, मग २००६ पूर्वी त्याच श्रेणीतून निवृत्त झालेल्यांची किमान पेन्शन कोणत्या पट्टीवर मोजायची? वरच्या पट्टीचे किमान ३७,४०० आणि ९,००० मिळून ४६,४००, त्याचे निम्मे २३,२००. खालची पट्टी सुरू होते १५,६०० पासून. राज्य सरकारने खालची धरली. सर्वोच्च न्यायालयाने १ जुलै २०१५ रोजी राजस्थान राज्य विरुद्ध महेंद्रनाथ शर्मा या निकालात सरकारचे अपील फेटाळले आणि निवृत्त प्राध्यापकांचे म्हणणे मान्य केले. वेतनश्रेणी विद्यापीठ अनुदान आयोगाच्या शिफारशींवरून देशभर सारख्या, त्यामुळे हा निकाल वऱ्हाडातल्या सरांनाही आपला वाटला तर नवल नाही.

महाराष्ट्राची स्वतःची एक जखम आहे, ती नेट-सेटची, म्हणजे अधिव्याख्यातापदाच्या पात्रता परीक्षांची. २३ ऑक्टोबर १९९२ ते ३ एप्रिल २००० या काळात महाविद्यालये नवी, विषय नवे, आणि नेट-सेट झालेले उमेदवार मोजके. म्हणून या परीक्षा न झालेले जे मिळाले ते नेमले गेले. पूर्ण वेळ शिकवले, परीक्षा घेतल्या, पेपर तपासले, निवडणुकीची कामे केली. शासनाने २७ जून २०१३ च्या निर्णयाने त्यांच्या सेवा नियमित केल्या, पण निर्णयाच्या तारखेपासून. आता पेन्शनचे गणित पाहा. जुनी पेन्शन १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नेमलेल्यांना. पेन्शनसाठी किमान दहा वर्षांची अर्हताकारी सेवा लागते. १९९४ साली लागलेले सर २०१८ मध्ये निवृत्त झाले, तर हजेरीपटावर चोवीस वर्षे दिसतात. पण सेवा २०१३ पासून धरली तर पाचच वर्षे, आणि नेमणूकही २००५ नंतरची ठरते. शासनाची बाजू अशी की अर्हता नव्हती, सवलत दिली, ती पुढच्यासाठी दिली. शिक्षकांची बाजू अशी की नेमणूक विद्यापीठाच्या मान्यतेने झाली, पगार शासनाच्या तिजोरीतून आला, मग पेन्शनच्या वेळी ती वर्षे नव्हतीच असे कसे म्हणता? मला दुसरी बाजू बरोबर वाटते. पदोन्नतीसाठी अर्हतेची अट धरणे समजू शकते. पण ज्या वर्षांचा पगार दिला ती वर्षे पेन्शनसाठी पुसून टाकायला तेवढे कारण पुरत नाही.

दावा म्हणजे प्रत्यक्षात कागदाचा प्रवास. महाविद्यालयाच्या कार्यालयात सेवापुस्तक, वेतननिश्चितीची पडताळणी, शेवटच्या वेतनाचा दाखला, ना-देय आणि ना-चौकशी प्रमाणपत्रे तयार होतात. प्रस्ताव अमरावतीला उच्च शिक्षण सहसंचालकांकडे जातो. तिथून नागपूरला महालेखापालांकडे; विदर्भ आणि मराठवाड्याची पेन्शन प्रकरणे तिथेच होतात. मग पीपीओ, म्हणजे पेन्शन देण्याचा आदेश, निघतो आणि कोषागारातून पैसे सुरू होतात. सुधारित पेन्शनची मागणी याच वाटेने जाते, आणि कुठल्याही टेबलावरून ‘त्रुटी’ असा शेरा घेऊन परत येऊ शकते. वेतनाचा दाखला वेळेत न दिल्याने रखडलेल्या पेन्शनचा असाच एक खटला केरळमधून सर्वोच्च न्यायालयात गेला होता. पद्मनाभन नायर यांच्या त्या खटल्यात डिसेंबर १९८४ मध्ये न्यायालयाने सांगितले की निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की सरकारने चालू बाजारदराने व्याज द्यावे. अनेक अर्जांत ही व्याजाची मागणी लिहायचीच राहून जाते.

अर्जाने काम झाले नाही तर कुठे जायचे? अनुदानित महाविद्यालयातला शिक्षक शासकीय कर्मचारी नाही, म्हणून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा दरवाजा त्याला नाही. घटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयात रिट याचिका हा त्याचा मार्ग. चिखलीहून छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ कितीतरी जवळ, पण बुलढाणा जिल्हा विदर्भात, म्हणून जायचे नागपूरला. पासष्ट-सत्तरीच्या माणसाला हा प्रवास, वकिलाची फी आणि तारखांची वाट पाहणे जड जाते. म्हणून शहाणी माणसे एकत्र जातात. एकाच शासन निर्णयाने अडलेले पाच-दहा जण एकत्र याचिका करतात, आणि प्रत्येकाचा निवृत्तीचा दिनांक, श्रेणी, मिळालेली आणि मिळायला हवी ती पेन्शन असा तक्ता जोडतात. प्रतिवादी म्हणून उच्च व तंत्र शिक्षण विभाग, पुण्याचे उच्च शिक्षण संचालक, अमरावतीचे सहसंचालक, नागपूरचे महालेखापाल आणि महाविद्यालय.

आता त्या ३० जूनच्या वेतनवाढीकडे वळू, कारण पेन्शनचा कायदा माणसापर्यंत किती उशिरा पोचतो ते तिथे उघड दिसते. पी. अय्यमपेरुमल हे सीमाशुल्क खात्याचे अधिकारी ३० जून २०१३ रोजी निवृत्त झाले. मद्रास उच्च न्यायालयाने १५ सप्टेंबर २०१७ रोजी त्यांच्या बाजूने निकाल दिला: वर्षभराचे काम पूर्ण झाले आहे, तेव्हा पेन्शनपुरती ती वेतनवाढ धरा. केंद्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले, तिथे जुलै २०१८ मध्ये याचिका फेटाळली गेली. विषय इथे संपायला हवा होता. पण सरकारी खात्यांनी इतरांना कळवले की तो निकाल त्या एका माणसापुरता आहे. मग देशभर ज्याचा त्याने खटला लढवला. दिल्ली आणि अलाहाबादने कर्मचाऱ्यांचे म्हणणे मानले, हिमाचल आणि केरळने नाकारले. अखेर ११ एप्रिल २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकातल्या वीज पारेषण महामंडळाच्या खटल्यात, सी. पी. मुंदिनमनी प्रकरणात, निर्णय दिला: वेतनवाढ ही मागच्या वर्षाच्या चांगल्या सेवेची कमाई आहे, ती देण्याचा दिवस निवृत्तीनंतर उजाडतो एवढ्यासाठी ती हिरावणे मनमानी आहे. महाराष्ट्राच्या वित्त विभागाने २८ जून २०२३ रोजी त्यानुसार शासन निर्णय काढला.

आपले १ जुलैवाले सर यात बसतात. पण त्यांना पैसे कधीपासून? पुढच्या आदेशांत, शेवटी २० फेब्रुवारी २०२५ च्या आदेशात, सर्वोच्च न्यायालयाने वर्गवारी केली. जे न्यायालयात गेलेच नव्हते, त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून, मागचे काही नाही. ज्यांच्या बाजूने निकाल लागून अंतिम झाला होता, त्यांना त्या निकालाप्रमाणे. ज्यांनी स्वतः याचिका किंवा अर्ज दाखल केला होता, त्यांना दाखल केल्याच्या महिन्यामागची तीन वर्षे. म्हणजे एकाच दिवशी निवृत्त झालेल्या, एकाच स्टाफरूममध्ये बसलेल्या दोन प्राध्यापकांपैकी नागपूरला गेला त्याला थकबाकी मिळते आणि चिखलीत निकालाची वाट पाहत थांबला त्याला ती मिळत नाही.

विलंबाचा नियम इथे मदतही करतो आणि अडवतोही. वेतन किंवा पेन्शन चुकीची ठरली तर दर महिन्याला नवी चूक घडते, म्हणून दावा मरत नाही, असे १९९५ च्या एम. आर. गुप्ता निकालात सांगितले आहे. २००८ च्या तरसेम सिंग निकालाने त्याला मर्यादा घातली: दावा जिवंत, पण थकबाकी साधारणपणे याचिकेच्या मागच्या तीन वर्षांपुरतीच. सहा वर्षे नुसते अर्ज करत राहिलात तर तीन वर्षांचे पैसे गेले. त्याच वर्षीच्या सी. जेकब निकालाने तर सांगितले की जुन्या मागणीवर आज अर्ज करून आजचे उत्तर मिळवले, तरी त्याने मुदत नव्याने सुरू होत नाही. म्हणून अर्जाची पोच आवक क्रमांकासह घ्यावी, एक स्मरणपत्र द्यावे, फाइलवरचे शेरे माहितीच्या अधिकारात मागावेत, आणि मग थांबू नये. ‘साहेब म्हणाले, वरून आदेश आला की करू’ या वाक्याने वऱ्हाडातल्या कित्येक शिक्षकांची थकबाकी खाल्ली आहे.

कोर्टात न गेलेल्याला लाभ न मिळण्याच्या या अन्यायाला उत्तर कायद्यात आहे, पण अर्धे. उत्तर प्रदेश राज्य विरुद्ध अरविंदकुमार श्रीवास्तव या १७ ऑक्टोबर २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालय म्हणते की एका गटाला न्यायालयाने लाभ दिला, तर तशाच परिस्थितीतल्या इतरांना सरकारने तो आपणहून द्यावा. केवळ ते कोर्टात आले नाहीत म्हणून नाकारू नये. लगेच अपवादही आहे: जे वर्षानुवर्षे गप्प राहिले आणि दुसरा जिंकल्यावर जागे झाले, त्यांना विलंबाच्या कारणाने नाकारता येते, मात्र निकाल मुळातच सगळ्यांसाठी असेल, तर सरकारने तो सगळ्यांना लावलाच पाहिजे. माझ्या मते पेन्शनच्या बाबतीत हा अपवाद लावूच नये. निवृत्त माणूस गप्प राहतो तो आपला हक्क सोडून देतो म्हणून नव्हे. त्याला निकाल कळलेला नसतो, आणि कळला तरी नागपूरला जायची ताकद नसते. त्याचे सेवापुस्तक शासनाकडे, निवृत्तीची तारीख शासनाकडे, पीपीओ क्रमांक शासनाकडे. कोणाला लाभ द्यायचा याची यादी कोषागाराच्या संगणकावर निघू शकते. दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला न चुकता मागणाऱ्या यंत्रणेने त्याच माणसाला त्याचे वाढलेले पैसे आपणहून कळवावेत, ही मागणी फार मोठी नाही.

प्रकरण उकरले तर उलट वसुली निघेल, या भीतीनेही पुष्कळ जण गप्प बसतात. भीती खोटी नाही. सुधारित पेन्शनसाठी सेवापुस्तक पुन्हा तपासले जाते आणि वीस वर्षांपूर्वीची एखादी वेतननिश्चिती चुकल्याचे निघते. १८ डिसेंबर २०१४ च्या रफीक मसीह निकालात सर्वोच्च न्यायालयाने निवृत्त झालेल्यांकडून, किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, अशी वसुली करण्यास मनाई केली, अर्थात कर्मचाऱ्याने फसवणूक केलेली नसेल तर. केरळातल्या थॉमस डॅनियल या माध्यमिक शिक्षकाची वसुली न्यायालयाने मे २०२२ मध्ये अशीच रद्द केली. ते १९९९ मध्ये निवृत्त झाले होते. पण २०१६ चा जगदेव सिंग निकाल लक्षात ठेवावा लागतो: नवे वेतन घेताना ‘जादा रक्कम निघाल्यास परत करीन’ असे हमीपत्र दिले असेल, तर ते बांधून ठेवते. दर वेतन आयोगाच्या वेळी स्टाफरूममध्ये सह्यांसाठी जो कागद फिरतो, त्यात हा मजकूर असतो. म्हणून याचिकेआधी आपल्या सेवापुस्तकात ते हमीपत्र आहे का, कोणत्या वर्षीच्या वेतननिश्चितीसाठी दिले आहे आणि काढलेली वसुली त्याच निश्चितीची आहे का, हे वकिलाला दाखवावे. वसुलीचा आदेश निघालाच, तर त्याला याच याचिकेत आव्हान देता येते.

दावा चालू असताना याचिकाकर्ता गेला तर तो दावा त्याच्याबरोबर जात नाही. वारसांनी मुदतीत अर्ज करून नाव लावून घ्यायचे असते. थकबाकीवर त्यांचा हक्क राहतो. पत्नीचे कुटुंबनिवृत्तिवेतन शेवटच्या मूळ वेतनाच्या तीस टक्के असते. ते वेतन सुधारले की ही रक्कमही सुधारायला हवी, पण नवा पीपीओ निघेपर्यंत कोषागार जुनाच आकडा देत राहते. त्यामुळे याचिकेच्या मागण्यांतच सुधारित कुटुंबनिवृत्तिवेतनाचा उल्लेख असावा, आणि पीपीओची प्रत, शासन निर्णय आणि अर्जांच्या पोचपावत्या घरात कुठे ठेवल्या आहेत ते सरांनी बाईंना आजच दाखवून ठेवावे.